पूजेला बसलेली हेल्मेटं

गिरीश दांडेकरला जगात कोणाबद्दलच आदर नव्हता, आणि जगाला याचा पत्ता नव्हता. कारण त्याची सगळी तडफ नेहरू नगरातल्या घरी, संध्याकाळच्या चहाच्या दुसऱ्या कपावर खर्ची पडायची. तिथे तो वाघ होता. सकाळी स्कूटर होशंगाबाद रोडला लागली की वाघाची शेळी व्हायची आणि मिसरोदच्या कॉलेजच्या फाटकातून आत शिरायचा तो निव्वळ नंदीबैल.

त्या खाजगी इंजिनिअरिंग कॉलेजात तो क्रीडाशिक्षक होता, तोही कंत्राटी. तरुणपणी ग्वाल्हेरकडून खो-खो खेळलेला. पळणं कधीच सुटलं होतं. हुलकावणी देणं तेवढं अंगात उरलं होतं. दर उन्हाळ्यात कंत्राट संपायचं आणि हा संचालकांच्या दाराशी हात जोडून उभा राहायचा.

संचालक शैलेंद्र सर एका वर्षी अमेरिकेला लेकाकडे जाऊन आले. तिथे कॉलेजची पोरं हेल्मेटं घालून एका लंबगोल चेंडूसाठी एकमेकांवर आदळतात आणि गावच्या गाव ते बघायला लोटतं, हे त्यांनी पाहिलं. खेळ काही त्यांना कळला नाही. कॉलेजच्या माहितीपत्रकावर तो फोटो कसा दिसेल, एवढं मात्र लख्ख कळलं.

"गिरीश, आपण अमेरिकन फुटबॉलची टीम काढतोय. सीझन नीट पार पाड, तुला परमनंट करून टाकतो."

"वा सर! असा विचार दुसरं कोण करणार!" गिरीश म्हणाला.

घरी येऊन तो बायकोला, वैशालीला, म्हणाला, "गाढव आहे गाढव! पोरांना धड मैदान नाही, आणि म्हणे अमेरिकन फुटबॉल!"

"मग हे तिथेच का नाही बोललात?" तिने भाजी निवडता निवडता विचारलं.

"तुला नाही कळायचं."

संघाचं नाव ठरलं मिसरोद मार्शल्स. दिल्लीहून तोंडाला जाळी असलेली चकचकीत हेल्मेटं आली आणि थेट कॉलेजच्या दर्शनी हॉलमध्ये काचेच्या कपाटात गेली. प्रवेशाला येणाऱ्या पालकांनी ती बघायची आणि भारावून फी भरायची. कपाटाची चावी गिरीशकडे आली. ती खिशात पडली तेव्हा गड्याला जहागीर मिळाल्यासारखं वाटलं. पोरं मात्र आपापली मोटरसायकलची हेल्मेटं घालून सराव करायची.

त्या पोरांत खरा खेळणारा एकच, यश. मंडीदीपच्या कारखान्यातल्या एका टेक्निशियनचा मुलगा. चेंडू छातीशी धरून तो सुटला की चौघांना आवरत नसे. या भाबड्या पोराचा गिरीशवर पूर्ण विश्वास होता. "सर, तुम्ही सांगितलं ना, मग झालं," असं तो म्हणायचा. एवढी एकच गोष्ट गिरीशने घरी कधी टिंगलीला घेतली नाही.

सीझन म्हणजे तीन सामने. नागपूरला आणि इंदूरला यजमानांनी आपली जुनी हेल्मेटं या पोरांना उसनी दिली आणि मग त्यांना यथेच्छ बडवून काढलं. कॉलेजच्या फाटकावर 'झुंजार वीरांचे हार्दिक अभिनंदन' असा फलक लागला. तिसरा सामना घरच्या मैदानावर होता, इंदूरशीच, आणि तो आला नेमका नवरात्रातल्या नवमीला.

विश्वस्त येणार होते. सरांना काहीतरी भव्य हवं होतं. तेव्हा आपल्या या नंदीबैलाने आपणहून मान हलवली. "सर, आज खंडेनवमी. आपल्यात शस्त्रांची पूजा असते. हेल्मेटांचीच पूजा मांडली तर?"

सर खूश. हेल्मेटांवर हळदकुंकू वाहिलं, झेंडूच्या माळा चढल्या, समोर नारळ फुटला, फोटो निघाले. गिरीशने कपाटाला कुलूप लावलं. सामन्याची वेळ झाली तसा यश धावत आला.

"सर, चाबी तुमच्याकडेच आहे ना? खोला ना दोन मिनिटं. इंदूरवाले त्यांची हेल्मेटं घालून उतरलेत. माझ्याचा तर पट्टाच तुटलाय."

गिरीशने सरांकडे पाहिलं. सर विश्वस्तांशी बोलता बोलता म्हणाले, "मांडलेली पूजा हलवतात का कधी? उद्या दसऱ्याला काढू. आणि फ्रेंडलीच तर आहे, यार."

पूजेचं खूळ आपलंच आहे, हे गिरीशला ठाऊक होतं. पट्टा तुटलेलं हेल्मेट कशा लायकीचं असतं, हेही ठाऊक होतं. परमनंटचा शब्द आज विश्वस्तांसमोर पक्का व्हायचा होता, हे मात्र त्याला सगळ्यांत जास्त ठाऊक होतं.

"सर म्हणतात ते बरोबर आहे, यश," तो म्हणाला. "जा तू. काही होत नाही."

"तुम्ही सांगितलं ना, मग झालं," म्हणत यश मैदानावर गेला.

पंच म्हणून कॉलेजचेच दोन मास्तर होते. त्यांनी डोळ्यांवर कातडं ओढलं. यशने पहिलाच चेंडू छातीशी धरला आणि तो सुटला. इंदूरचा एक आडदांड पोरगा आडवा आला. पहिल्या धक्क्यात यशचं हेल्मेट उडून गवतात गेलं आणि दुसरा धक्का उघड्या डोक्यावर बसला. तो पडला तो उठलाच नाही. कपाटातली हेल्मेटं माळा घालून झगमगत होती.

दुसऱ्या दिवशी दसरा. सरांनी आपट्याचं सोनं देता देता गिरीशला परमनंट केल्याचं सांगितलं. "खेळात लागतंच," असंही म्हणाले. गिरीशने वाकून सोनं घेतलं आणि तसाच दवाखान्यात गेला. यशने डोळे उघडले होते, पण उशाशी बसलेल्या आईला तो ओळखत नव्हता. गिरीश दारातूनच परतला.

घरी चहाचा पहिला कप संपला आणि त्याच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला. "नालायक आहेत सगळे! पोराच्या डोक्यापेक्षा यांना पूजा मोठी! अरे, कपाट उघडायला कितीसा वेळ लागतो?"

"चावी कोणाकडे होती?" वैशालीने विचारलं.

गिरीशचा हात सदऱ्याच्या खिशाकडे गेला. चावी अजून तिथेच होती, कुंकवाचं बोट लागलेली.

वैशालीने त्याच्यासमोरचा कप उचलून विसळला, पालथा घातला आणि गॅस बंद केला. दुसरा कप त्या घरात पुन्हा कधी झाला नाही.