केबिन रिकामी करताना

बेलापूरच्या सरकारी कार्यालयात मी अधीक्षक होते. माझ्याआधी रुजू झालेल्या मैत्रिणीला डावलून मला ही बढती मिळाली होती. सेवाज्येष्ठतेसाठी ती न्यायाधिकरणात गेली आणि जिंकली. तिला अधीक्षक केलं आणि मला पुन्हा लिपिक.

तिचं म्हणणं खरं होतं, हे मलाही कळत होतं. तरी केबिन रिकामी करताना मी एकेक ड्रॉवर आपटून बंद करत होते. ती दारात येऊन म्हणाली, "अगं, माझं भांडण तुझ्याशी नव्हतं गं."

"हो, मॅडम," मी म्हणाले. तिचे डोळे भरून आले.

आम्ही कळंबोलीला एकाच सोसायटीत राहायचो, रोज एकाच बसने घरी जायचो. त्या संध्याकाळी स्टॉपवरच्या रांगेत तिने माझ्यासाठी जागा धरली होती. मी दुसऱ्या बसने गेले.

आता दोघीही निवृत्त झालो आहोत. जिन्यात समोरासमोर आलो, की अजूनही मान खाली घालतो.