दाजींची रुळापलीकडची फेरी

जगात दोनच प्रकारची माणसं असतात, असं माझे थोरले साडू मानतात: बसमध्ये चढलेली आणि फलाटावर घुटमळणारी. मी दुसऱ्या प्रकारातला, हे त्यांनी माझ्या लग्नातच ओळखलं होतं, आणि नंतरच्या सव्वीस वर्षांत त्यांचं मत बदलावं असं मी काहीही केलेलं नाही. साडूंनी तीस वर्षं बसस्थानकाच्या माईकसमोर काढली. आधी जिंतूर, मग सेलू आणि शेवटी परभणी. आपल्या जिल्ह्यात ज्यानं कधी एस.टी.नं प्रवास केला असेल त्याच्या कानावरून त्यांचा आवाज गेलेला आहे. चेहरा मात्र कुणाच्याच ओळखीचा नाही. माझी बायको त्यांना दाजी म्हणते, तिचं ऐकून मीही दाजीच म्हणतो, आणि ते मला पावणे म्हणतात.

दाजी निवृत्त झाले तरी त्यांच्या घोषणा निवृत्त झाल्या नाहीत. कुठलीही गोष्ट ते दोनदा सांगतात, दुसऱ्यांदा जरा सावकाश. नवा माणूस भेटला की नाव विचारायच्या आधी गाव विचारतात आणि गाव कळलं की तिथं जायचा रस्ता त्यालाच सांगतात. आमच्या कॉलेजचे प्राचार्य एकदा माझ्याकडे बसायला आले होते. मी तिथं ग्रंथपाल असल्यामुळे जरा सांभाळून बोलत होतो. दाजींनी त्यांना गाव विचारलं. प्राचार्य म्हणाले, वालूर. "मग सेलूला उतरून बदलावं लागत असंल तुमाला," दाजी म्हणाले, "सेलूला उतरून बदलावं लागंल." प्राचार्य हो म्हणाले आणि पाचच मिनिटांत खरोखर उठून गेले. चारठाण्याच्या एका लग्नात कुणीतरी दाजींच्या हातात माईक दिला होता. वालूरकडच्या पाहुण्यांनी पहिल्या पंगतीला बसून घ्यावं, एवढंच त्यांना सांगायचं होतं. पण त्या आवाजात 'वालूर' ऐकताच वालूरकरांनी पिशव्या उचलल्या, पोरं कडेवर घेतली आणि मांडवातून थेट सडक गाठली. नवरीच्या बापानं धावत जाऊन त्यांना परत आणलं. सगळे हसत होते, दाजी तेवढे गंभीर होते. "लोकायचा भरवसा हाय आवाजावर," ते म्हणाले. हे वाक्य मात्र त्यांनी एकदाच म्हटलं.

अशा माणसाचं घर रेल्वेच्या रुळापलीकडे होतं आणि माझं अलीकडे. अलीकडे म्हणजे कॉलनीत. आमच्या कॉलनीला कमान आहे, कमानीवर कॉलनीचं नाव आहे आणि आत चौदा बंगले आहेत. बाहेर कुत्री असतात म्हणून आम्ही सकाळचं फिरणंही आतच उरकतो, त्या चौदा बंगल्यांना आठ चकरा. मी हे काम झपाझप करतो आणि घरी आल्यावर जग पाहून आल्यासारखा पाणी मागतो. दाजी रुळापलीकडे का राहतात, हा आमच्या नात्यागोत्यातला जुना प्रश्न होता. तिकडे बँडवाले, पेंटर, तबल्याला शाई भरणारे, मुरमुऱ्याचे भट्टीवाले असे लोक राहतात, आपल्यातलं कोणी नाही, असं बोललं जायचं. मी असं कधी बोललो नाही. मी फक्त गेलो नाही. म्हणजे जाणं भागच असेल तेव्हा रिक्षानं दारापर्यंत जायचो आणि रिक्षा थांबलीय म्हणून उभ्याउभ्या परतायचो. मेहुणी, म्हणजे दाजींची बायको, वारली तेव्हा दाजींना भेटायला गेलो, त्या दिवशीही माझी रिक्षा बाहेर थांबलेली होती. हे लिहिताना मला लाज वाटते, पण रिक्षावाल्याला आठवत असेल, म्हणून लिहून टाकतो. दाजी दर वेळी म्हणायचे, "एकदा निवांत या." मी म्हणायचो, येतो ना.

त्यांची मुलगी पुण्याला नोकरीला आहे. तिला ऑफिसनं जर्मनीला पाठवलं होतं. तिथं एका शहरात कलावंतांची, थोडी मोकळीढाकळी अशी एक वस्ती तिनं कानात यंत्र घालून पाहिली. सोबत माणूस कोणी नाही. कानातला आवाज सांगेल तिथं वळायचं, भिंतींवरची चित्रं बघायची, दुकानात डोकवायचं. परत आल्यावर तिनं हे वडिलांना सांगितलं, आणि त्यांनी दिवाळीनंतर आपल्याकडेच राहायला यावं असंही सांगितलं. दाजींनी दोन्ही गोष्टी ऐकून घेतल्या. दुसऱ्या गोष्टीला हो म्हणाले आणि पहिलीच्या मागे लागले. "भिंतीवर चित्रं आमच्याकडं बी हायती," ते मला म्हणाले. "डोकवायला दुकानं हायती. आवाज तर हायच. मग कमी काय हाय?" महिनाभर रोज सकाळी ते गळ्यात मोबाईल लटकवून, हातात काठी घेऊन आपल्या मोहल्ल्यात चालत बोलत राहिले. गुडघे दुखायचे. शेवटी एकोणीस ध्वनिफिती तयार झाल्या आणि घरच्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर येऊन पडल्या.

ग्रुपवर त्यांचं रीतसर स्वागत झालं. चार अंगठे आले, तीन नमस्कार आले, आणि नांदेडच्या मेव्हण्यांनी चुकून वाढदिवसाचा केक पाठवला. मी लिहिलं, 'अप्रतिम उपक्रम'. ऐकली एकही नव्हती. दाजींना कौतुक नकोच होतं. त्यांना एकच गोष्ट हवी होती आणि ती त्यांनी मला फोन करून स्पष्ट सांगितली: आपण पुण्याला जायच्या आत घरच्या एका तरी माणसानं ही फेरी पायी पुरी करावी. "तुमी शिकलेले हाव," ते म्हणाले, "तुमी चालून बघा अन् कुठं चुकलंय ते सांगा." आठवड्यानं पुन्हा फोन आला. मी टीव्हीसमोर पाय पसरून बसलो होतो आणि तसाच बसून सांगितलं की परवाच जाऊन आलो, फार छान जमलंय. किती वेळ लागला, असं त्यांनी विचारलं. मी अंदाजानं दीड तास म्हणालो. मग ते "बरं" म्हणाले. बायको शेजारीच बसून मटार सोलत होती. त्या रात्रीची मटार उसळ कुणी आपुलकीनं वाढली नाही.

त्यांचं पुण्याला जाणं गुरुवारचं ठरलं. त्याआधीच्या रविवारी बायकोनं माझ्या हातात पाण्याची बाटली दिली आणि रिक्षा मिळणार नाही असं सांगितलं. मी पादचारी पूल चढलो, कानात यंत्र घातलं आणि पहिली फीत लावली. "प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे," दाजी म्हणाले. माझ्या दोन्ही बाजूंनी जाणारी माणसं शांतपणे जात होती, मी एकटाच दचकून बाजूला झालो. "पूल उतरल्यावर डाव्या हाताला वळावे. पायऱ्या मोडक्या हायेत, खाली बघून उतरा." सुरुवात कागदावर लिहिलेल्या भाषेत आणि शेवट स्वतःच्या, असं त्यांचं प्रत्येक वाक्य होतं. पण पुढे काहीतरी बिनसलं. पाच पावलं बोलून झाली की आवाज बंद पडायचा. कधी तीन मिनिटं, कधी तासभर. मोबाईल जुना झाला असेल किंवा दाजी बोलायचं विसरले असतील, असं समजून मी त्या मोकळ्या जागा बोटानं पुढे ढकलत गेलो आणि कॉलनीतल्या वेगानं चालत राहिलो. "डावीकडे भिंतीवर वाघ आहे, निवांत पाहावा," असं कानात आलं. डावीकडे एक आजोबा दात घासत होते. मी त्यांनाच निवांत पाहिलं. त्यांनी दात घासायचं थांबवलं. "उजवीकडे छोटी खिडकी. आत डोकवावे, बँडवाल्यांचा सराव चालू असतो." मी खिडकीत तोंड घातलं. आत एक बाई वाकळ शिवत बसली होती. तिनं सुई तशीच हातात ठेवून विचारलं, "कोन पायजे?"

मी म्हणालो, बँडवाले. "बँडवाले मागं राह्यले," ती म्हणाली. "तुमी लय पुढं आलात." मी एका कानातलं काढून दाखवलं आणि ही श्राव्य पर्यटनाची एक पद्धत असल्याचं सांगू लागलो. तिला मी आधार कार्डासाठी आलोय असं वाटलं असावं, म्हणून तेच यंत्र मी तिच्या कानाला लावलं. तिनं दोन वाक्यं ऐकली आणि आत हाक मारली, "आवो, स्टँडवाल्या मामाचा आवाज हाय ह्यो." मग माझ्याकडे वळून विचारलं, "तुमी त्येंचे कोन?" मी साडू म्हणालो. तिनं मला खालपासून वरपर्यंत नीट पाहिलं. "कदी दिसले न्हाई तुमी," ती म्हणाली. म्हणण्यात राग नव्हता. तिनं वाकळ बाजूला करून मला बसायला जागा केली आणि चहा टाकला. मोबाईल मांडीवर होता, फीत चालूच होती, आवाज पुन्हा बंद पडला होता. आम्ही चहा प्यायलो, तिच्या नवऱ्यानं दाजींच्या गुडघ्याची चौकशी केली, आणि मी रिकामा कप खाली ठेवतोय तोच कानात दाजी म्हणाले, "चला, निघू या."

मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. या मोहल्ल्यात दाजींना कुणीही सरळ जाऊ देत नाही. इथं ओळखीच्या माणसाला दारावरून तसंच जाऊ देणं म्हणजे त्याचा अपमान. पेंटर थांबवतो, भट्टीवाला थांबवतो, तबलेवाला तर हातच धरतो. प्रत्येक ठिकाणी दाजी थांबले होते, आणि माईकवर खाजगी बोलणं जाऊ द्यायचं नाही या तीस वर्षांच्या शिस्तीनं तेवढा वेळ त्यांनी तळहात मोबाईलवर दाबून धरला होता. फीत चालूच राहिली. या रस्त्यानं जाणाऱ्याला कुणीच थांबवणार नाही, असं त्यांच्या मनातही आलं नव्हतं. मी पुलापर्यंत परत गेलो आणि पहिल्या फितीपासून सुरुवात केली. या खेपेला सावकाश चाललो आणि एकही मोकळी जागा पुढे ढकलली नाही. तोवर साडू आल्याची बातमी माझ्यापुढे पोचली होती. वाघ जागेवर होता. तो काढणारा पेंटर म्हातारा आहे, आता पाट्या रंगवत नाही, हात चालू राहावा म्हणून आपल्याच भिंतीवर दर सणाला वाघाचे पट्टे पुन्हा भरतो. त्यानं मला तासभर बसवून घेतलं. "मामाच्या घरी पावणे आलेले आमी न्हाई बगितले," तो ब्रश पुसत म्हणाला. "म्हणून मीच जात असतो सांजच्याला."

एकोणिसावी फीत दुपारी दोनला लागली. "समोर निळा दरवाजा आहे. फेरी येथे संपत आहे," दाजी म्हणाले. थोडं थांबून म्हणाले, "घरच्या माणसांनी आत यावे." आणि आवाज थांबला. मी मोबाईल पाहिला. फितीत अजून पाऊण तास शिल्लक होता. इथं मात्र त्यांनी तळहात दाबलेला नव्हता. पंखा ऐकू येत होता, घड्याळ ऐकू येत होतं, एकदा खुर्ची सरकल्याचा आवाज आला. बाकी कोणी येत नव्हतं, कोणी बोलत नव्हतं. सव्वीस वर्षं मी रिक्षाचं भाडं चढेल म्हणून ज्या दारातून परत फिरलो ते दार समोर होतं. त्या फितीतली खुर्ची सरकवून बसलेला माणूस कुणाची वाट बघत होता, हे मला कुणी सांगायची गरज नव्हती.

मी कडी वाजवली. दाजींनी दार उघडलं, आत अर्धी बांधाबांध झालेली होती. मी उंबऱ्यातच सांगून टाकलं की त्या दिवशी मी खोटं बोललो होतो, आलोच नव्हतो. "ठाऊक हाय की," ते म्हणाले. "दीड तासात कसं होईल पावणे? दीड तास तर एकट्या पेंटरकडं जातो." मग बोलला का नाहीत, असं मी विचारलं. त्यांनी खोक्यावरची चादर काढून मला बसायला जागा केली. "गाडी चुकलेल्या माणसावर कुणी वराडतं का? पुढची कदी हाय ते सांगायचं असतं फक्त." शेवटच्या फितीत पाऊण तास मोकळा का ठेवला, असं मी विचारलं, खरं तर उत्तर मला माहीत होतं. ते स्टोव्हकडे वळत म्हणाले, "तुमी आलात तर बसाल म्हणलं."

आम्ही बसलो. चहा झाला, मग पिठलं-भाकरी झाली, मग पुन्हा चहा झाला. त्यांनी मेहुणीची साडी बांधलेलं गाठोडं दाखवलं, मोहल्ल्यातल्या कुणाकुणाला काय देऊन जायचंय ते सांगितलं, आणि मी पहिल्यांदाच ते नीट ऐकलं. निघताना बाहेर अंधारून आलं होतं. चार दिवसांनी, गुरुवारी, ते पुण्याला गेले.