पडद्यावरच्या बाईसाठी आंघोळ

माझं अक्षर वाकडं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ चुकतं, त्याची आधीच माफी मागते. शाळा चौथीपर्यंतच झाली. ही वही कोणी वाचणार नाही, तरी लिहिताना मला लाज वाटते.

जव्हारला नर्सिंगच्या शाळेत मी झाडलोट करते. माझी मुलगी तिथेच शिकायला आली तेव्हा तिच्या फीसाठी मी बचत गटातून पैसे उचलले. ती नर्स झाली की फेडायचे, असं ठरलं.

बाळंतपण शिकवणाऱ्या मॅडम जुन्या. कापडाची बाहुली आणि प्लास्टिकचं कमरेचं हाड घेऊन शिकवायच्या. मग वर्गात कॉम्प्युटर आला. मॅडम ठाण्याला जाऊन तो शिकून आल्या, तरी पहिल्या दिवशी माऊस त्यांच्या हातातून सारखा निसटत होता. मला म्हणाल्या, "मावशी, हसू नका हं. इतकी बाळं या हातांनी धरली, पण हे काही धरवत नाही."

मी खिडक्या पुसत होते. भिंतीवरच्या पडद्यावर पोटातलं बाळ दिसलं. खाली येताना ते मान वाकवतं आणि मग हळूच खांदे वळवतं. माझी चार बाळंतपणं झाली, पण माझी लेकरं अशी वाट काढत आली हे मला ठाऊकच नव्हतं. फडकं हातातच राहिलं.

काही दिवसांनी पडद्यावर एक बाई आली. खाटेवर निजलेली, नुकतीच बाळंत झालेली. तिचं रक्त थांबत नव्हतं. माऊस माझ्या मुलीच्या हातात होता. आधी पोट चोळायचं, ते सोडून घाबरून तिने भलतंच काही दाबलं. बाईने डोळे मिटले.

"गेली," मॅडम म्हणाल्या.

माझा भाचा भिवंडीहून फोनवर दिसतो, बोलतो. मला वाटलं, ही पण तशीच कुठल्या तरी दवाखान्यातली खरी बाई. विचारायचा धीर झाला नाही. मयत पाहिलं की आम्ही आंघोळ केल्याशिवाय कशाला हात लावत नाही. मी झाडू ठेवला, मागच्या नळाखाली गेले आणि डोक्यावरून पाणी घेतलं.

ओलेत्याने परतले तर मुली म्हणाल्या, "मावशी, पाऊस कुठे लागला?"

"त्या बाईच्या नावाने आंघोळ केली."

वर्ग खदखदून हसला. "अहो, ती कॉम्प्युटरमधली बाई! तेरावं पण घालणार का?"

मी मान खाली घातली. माझी मुलगी हसली नाही. बाहेर येऊन म्हणाली, "आय, मी घरी येते. बाबासोबत वीटभट्टीवर जाईन. खोटी बाई पण माझ्या हातून मेली. खरी असती तर?"

मॅडम दारात उभ्या होत्या. त्या मुलींना म्हणाल्या, "हसू नका. मलाही हा खेळच वाटत होता. आजपासून हात धुतल्याशिवाय माऊसला हात लावायचा नाही." मग माझ्या मुलीला म्हणाल्या, "ये, बघ."

त्यांनी बटण दाबलं. बाईने डोळे उघडले. म्हणाली, "सिस्टर, मला चक्कर येते."

मी दाराची चौकट घट्ट धरली. मग आपोआप हात जोडले गेले.

"इथे ती परत येते," मॅडम म्हणाल्या. "पाड्यावरची परत येणार नाही. म्हणून चुकायचं ते इथेच चुकून घे. हात धू."

मुलीने हात धुतले. त्या दिवशी ती बाई पुन्हा गेली. दुसऱ्या दिवशीही गेली. मी झाडता झाडता मनात तिला म्हणायचे, बाई, थांब गं. मग एका सकाळी रक्त थांबलं आणि बाईने पाणी मागितलं. माझी मुलगी टेबलावर डोकं ठेवून रडली. मॅडमनी चष्मा पुसला.

आता मुलगी मोखाड्याकडच्या उपकेंद्रात नर्स आहे. तिथे एका खऱ्या बाळंतिणीचं रक्त थांबेना तेव्हा, सांगत होती, "आय, हात आपोआप पोटावर गेला." ती बाई बाळाला घेऊन घरी गेली.

गेल्या महिन्यात मुलीने पगारातून शेवटचा हप्ता माझ्या हातात दिला. मी तो गटाच्या बायकांपुढे ठेवला. सगळे पैसे फिटले.