अंधारात विझणारे तीन ठिपके

मोठमोठ्या गुन्ह्यांचे तपशील आता माझ्या डोक्यात एकमेकांत मिसळतात. कोणता आरोपी कोणत्या फायलीतला, हे कधीकधी बायकोला विचारावं लागतं. एक तक्रार मात्र जशीच्या तशी आठवते. त्या तक्रारीत गुन्हा घडला आहे, हे ठाण्यात कोणालाच पटत नव्हतं. मलाही नाही.

मी मूळचा अकोल्याचा. केंद्रशासित प्रदेशांच्या पोलीस सेवेत होतो आणि बदल्या होत होत शेवटची काही वर्षं चंदीगडला उपअधीक्षक म्हणून काढली. माझ्याकडे तीन ठाणी होती. त्यांपैकी एका ठाण्यात सकाळी हजेरी घेऊन बसलो असताना अठ्ठ्याहत्तर वर्षांचे एक गृहस्थ आले. वीज खात्यातून इंजिनिअर म्हणून निवृत्त झालेले. इस्त्रीचा शर्ट, नीट बांधलेली पगडी, हातात शस्त्र परवाना. मागे त्यांचा मुलगा. तो शेजारच्या पंचकुल्यात सरकारी नोकरीत होता आणि त्या दिवशी रजा टाकून आला होता.

"माझं पिस्तूल कोणीतरी बदललंय," गृहस्थ म्हणाले.

आमच्या मुन्शीने, म्हणजे ठाण्याचं दफ्तर सांभाळणाऱ्या हवालदाराने, पिस्तूल रिकामं करून घेतलं आणि त्यावरचा क्रमांक परवान्याशी ताडून पाहिला. आकडा न् आकडा जुळत होता.

"बाऊजी, पिस्तूल तर हेच आहे," मी म्हणालो.

"नंबर तोच आहे, साहेब. पण ठिपके मेलेत."

त्या पिस्तुलाला नेम धरण्यासाठी पुढे एक उंचवटा होता, त्याला तिकडे मक्खी म्हणतात, आणि मागे एक खाच होती. मक्खीवर एक आणि खाचेच्या दोन्ही बाजूंना एकेक, असे तीन हिरवे ठिपके होते. नऊ वर्षांपूर्वी घेतलं तेव्हापासून ते अंधारात आपोआप चमकत. गृहस्थांची झोपायची खोली आतल्या बाजूची, खिडकी नसलेली. लोखंडी कपाट उघडलं की हात पोचायच्या आधी तीन ठिपके दिसायचे. महिन्यापूर्वी पिस्तूल सफाईला दिलं, परत आणलं, आणि तेव्हापासून कपाटात नुसता काळोख.

मुन्शी हुशार माणूस. त्याने पिस्तूल टेबलावर धरलं, पडदे ओढले आणि ट्यूबलाइट बंद केली. तीन हिरवे ठिपके झळाळून उठले.

"लो जी, चमक तो रहे हैं!" मुन्शी म्हणाला.

गृहस्थ वाकून बघत राहिले. दिवा लागला तेव्हा त्यांचा चेहरा उतरला होता.

मुलाने मला बाहेर व्हरांड्यात गाठलं. "सर, माफ करा, तुमचा वेळ गेला. मम्मी गेल्यापासून असंच चाललंय. चष्मा कुठे ठेवला, गोळी घेतली की नाही, काही लक्षात राहत नाही. मी त्यांना माझ्याकडे नेणार आहे. डॉक्टरांचा दाखला घेऊन पिस्तूलही जमा करून टाकू." मुलगा वाईट नव्हता, थकलेला होता. मी मान हलवली. ठाण्याच्या रोजनाम्यात मुन्शीने लिहिलं, 'पडताळणी केली, तक्रारीत तथ्य नाही.' मी सही केली.

जाताना म्हातारबाबा माझ्याजवळ थांबले. "पुत्तर, एक खरं सांग. माझं डोकं फिरत चाललंय का?"

मी काहीतरी गोड बोललो. काय बोललो, ते आज आठवत नाही.

तीन-चार दिवसांनी आमचा एक खबरी आला. बसस्टँडजवळ ज्यूसची गाडी लावायचा. त्याने सांगितलं की चंदीगडजवळच्या डेराबस्सीत केमिकल फॅक्टऱ्यांना पहारेकरी पुरवणारा एक इसम आहे आणि त्याच्याकडे विनापरवाना पिस्तूल आहे. हा खबरी पहारेकऱ्याचं काम मागायला गेला असताना त्या इसमाने शायनिंग मारायला ते काढून दाखवलं होतं.

"जनाब, गोदाम बंद था, बत्ती भी नहीं थी. फिर भी उस पे तीन हरे दाने जल रहे थे."

"कितने दिन से है उसके पास?"

"कहता था, दाने अभी नये लगवाए हैं."

अशी बातमी आली की आम्ही पहिला विचार छाप्याचा करतो. त्या दिवशी मात्र माझ्या डोक्यात दुसरंच शिरलं. दिवा नाही, ऊन नाही, सेल नाही, मग हे दाणे जळतात कशावर? आणि म्हातारबाबांचे ठिपके त्यांच्या कपाटात मेलेले असतील, तर माझ्या टेबलावर जिवंत कसे झाले?

चंदीगडात आम्हा मराठी मंडळींचं छोटंसं वर्तुळ आहे. तिथे सांगलीची एक मुलगी येत असे. मोहालीच्या नॉलेज सिटीतल्या एका संस्थेत पदार्थविज्ञानात संशोधन करायची. तिला फोन लावला.

"काका, ते ट्रिटियम असणार," ती लगेच म्हणाली. "हायड्रोजनचाच किरणोत्सारी भाऊबंद. जिऱ्याएवढ्या काचेच्या नळीत तो वायू कोंडतात आणि नळीला आतून चमकणाऱ्या पावडरचा लेप देतात. वायूतून सारखे इलेक्ट्रॉन सुटतात, लेपावर आदळतात आणि लेप उजळतो. जुन्या टीव्हीची काच आतून उजळायची ना, तसंच. त्याला बाहेरचा उजेड लागतच नाही."

"मग विझतो कधी?"

"एकदम कधीच विझत नाही. साधारण बारा वर्षांनी वायू निम्मा उरतो, तसा उजेडही कमी होत जातो. पण महिन्याभरात मरणार नाही. नळी फुटली तरच."

"आणि माझ्यासमोर चमकला, घरी चमकत नाही, असं झालं तर?"

तिने उलट विचारलं, "काका, तुम्ही बघायच्या आधी तो दिव्याखाली होता का?"

पडदे ओढेपर्यंत पिस्तूल ट्यूबलाइटखालीच होतं. हा प्रश्न पोलीस अधिकाऱ्याला सुचायला हवा होता.

मी बाप-लेकांना पुन्हा बोलावलं. पिस्तूल रीतसर पावती करून ठाण्यात जमा करून घेतलं. सकाळी नऊ वाजता ते एका लोखंडी पेटीत ठेवलं. त्या मुलीच्या मार्गदर्शकांकडे पाणबुडे वापरतात तसलं घड्याळ होतं, काट्यांवर ट्रिटियमच्या नळ्या असलेलं. ते मागून घेऊन ती स्वतः ठाण्यात आली होती. तेही त्याच पेटीत ठेवलं आणि कुलूप लावलं. ठाण्याच्या मालखान्याला, म्हणजे जप्त माल ठेवायच्या खोलीला, खिडकी नसते, त्यामुळे अंधाराची सोय आयती होती.

मुन्शीने 'किरणोत्सारी' शब्द ऐकला होता. तो दारातच थांबला. "मॅडमजी, हमें कुछ होगा तो नहीं?"

"यातले इलेक्ट्रॉन इतके अशक्त असतात की काच ओलांडू शकत नाहीत, कातडीसुद्धा नाही," तिने हिंदीत समजावलं. "नळी फुटलीच तर दारं उघडून बाहेर जायचं, बस."

बारा वाजता आम्ही पाच जण मालखान्यात गेलो. दार लावलं, दिवा मालवला, डोळ्यांना सवय होईपर्यंत वीस मिनिटं थांबलो. मग मी चाचपडत पेटी उघडली.

घड्याळ स्वच्छ चमकत होतं. पिस्तुलाच्या जागी काहीच नव्हतं. मी हात घालून ते आहे ना याची खात्री केली, इतका काळोख.

"बाऊजी, घड्याळात किती वाजलेत?" त्या मुलीने घड्याळ वर धरून खोलीच्या दुसऱ्या टोकाला उभ्या असलेल्या म्हातारबाबांना विचारलं.

"बारा बजके बीस मिनट," उत्तर आलं. माझ्यापेक्षा लवकर.

"म्हणजे डोळे ठीक आहेत," ती मराठीत माझ्याकडे वळून म्हणाली. मग तिने मिनिटभर पिस्तुलावर टॉर्च मारला आणि विझवला. तीन ठिपके झळाळले. पहिल्या दिवशी दिसले होते तसेच. आम्ही उभे राहिलो. पाच मिनिटांत ते फिके पडले आणि अर्ध्या तासात दिसेनासे झाले. घड्याळ जसंच्या तसं होतं.

"ही साधी चमकणारी रंगपुडी आहे," ती म्हणाली. "उजेड पिते आणि थोडा वेळ परत देते. ट्रिटियम नाहीच."

अंधारात कोणीतरी जोरात श्वास सोडल्याचा आवाज आला. मग मुलाचा आवाज, अगदी हळू. "बाऊजी..."

"रहने दे," म्हातारबाबा म्हणाले.

पिस्तूल न्यायवैद्यक प्रयोगशाळेत पाठवलं आणि ज्या दुकानात सफाईला दिलं होतं तिथल्या मेकॅनिकला चौकशीला बोलावलं. पन्नाशीचा माणूस, बोटं बारीक आणि स्वच्छ. दोन तास तो एकच वाक्य बोलत होता, "जनाब, मैंने तो सिर्फ तेल दिया." दमदाटीचा काही उपयोग नव्हता. मी एक गोष्ट पाहिली आहे. चोरीचा आळ माणूस सहन करतो, पण कसबी माणूस आपल्या हाताची निंदा सहन करत नाही.

मी पिस्तुलाचा मोठा करून काढलेला फोटो त्याच्यापुढे टाकला. "ज्याने ही मक्खी बसवली तो कोणी अनाडी असणार. बघ, वाकडी आहे. सुतारही याहून बरं काम करील."

त्याने फोटो ओढला. "टेढ़ी? कहाँ टेढ़ी है? बाल बराबर फ़र्क़ निकाल के दिखाओ! घिस-घिस के खाँचा बिठाया है मैंने, हाथ नहीं काँपा मेरा..."

पुढचं वाक्य त्याच्या ओठांवरच थांबलं. मी त्याला पाणी दिलं. मग त्याने सगळं सांगितलं. डेराबस्सीच्या त्या इसमाला असेच ठिपके हवे होते आणि ते सहजासहजी मिळत नव्हते. म्हातारा एकटा राहतो, त्याला काय कळणार, असं मेकॅनिकला वाटलं. त्याने अस्सल मक्खी आणि खाच काढून घेतली, साधी बसवली आणि तिच्यावर रंग भरला. त्याचा अंदाज एकाच बाबतीत चुकला. म्हाताऱ्याला कळलं होतं, आम्हाला कळलं नव्हतं.

डेराबस्सी पंजाबच्या हद्दीत येतं. तिथल्या पोलिसांना सोबत घेऊन छापा घातला. गावठी पिस्तूल सापडलं, त्यावर ते तीन दाणे होते. म्हातारबाबांनी जपून ठेवलेल्या पिस्तुलाच्या मूळ डब्यावर एक बारीक क्रमांक होता, तोच मक्खीच्या कडेला कोरलेला निघाला. प्रयोगशाळेचा अहवालही तसाच आला. पुढे खटला चालला आणि दोघांनाही शिक्षा झाली.

बाप-लेकांना निकाल सांगायला मी ठाण्यात न बोलावता त्यांच्या घरी गेलो. रोजनाम्यात नवी नोंद केल्याचं सांगितलं आणि आधीच्या सहीबद्दल माफी मागितली. म्हातारबाबांनी चहा केला. साखर बरोबर होती. मग परवाना माझ्यापुढे सरकवला.

"हा परत करायचा अर्ज कसा लिहायचा, सांग. पिस्तूल आता नको मला. या वयात त्याचं काय करू? पण वेडा ठरून द्यायचं नव्हतं."

मुलगा खाली बघत होता. त्याने मान वर केली. "बाऊजी, मी तुम्हाला विचारलंच नाही कधी. तुम्हाला कुठे राहायचंय?"

"इथेच," ते म्हणाले. "रविवारी येत जा. पोरांना घेऊन ये."

नोकरीत मी हजारो तक्रारी पडताळून पाहिल्या. या तक्रारीने मला दाखवलं की पडताळणी मी नेहमी माझ्या खुर्चीवरून, माझ्या दिव्याखाली करत होतो. त्या गृहस्थांनी स्वच्छ सांगितलं होतं की ठिपके कपाटातल्या अंधारात दिसत नाहीत. त्या अंधारात जाऊन बघायचे कष्ट आम्ही घेतले नाहीत आणि त्यांच्या वयाकडे बघून निकाल देऊन टाकला. तेव्हापासून म्हातारं माणूस काही विचित्र सांगू लागलं की मी पहिला प्रश्न विचारायचो, "तुम्ही कुठे उभे होतात? चला, मला तिथे घेऊन चला." बहुतेक वेळा तिथे काही नसायचं. पण त्या माणसाला कोणीतरी सोबत आलं, एवढं व्हायचं. पोलिसाच्या कामात हेही मोजलं पाहिजे, असं मला वाटतं.