छत्रीसाठी पाडलेलं भोक

परवा रंकाळ्याकडच्या एका हॉटेलात छत्री लावलेली टेबलं दिसली आणि मला शिवाजी पेठेतल्या आमच्या अंगणातलं टेबल आठवून एकटीलाच हसू आलं. थोरल्या बहिणीला बघायला पुण्याची मंडळी येणार होती. महाबळेश्वरला असली टेबलं बघून आलेल्या वडिलांनी हट्टच धरला, पाहुण्यांना अंगणात छत्रीखालीच बसवायचं. सुतार गिरमिट घेऊन आला आणि म्हणाला, “मास्तर, आधी छत्री तरी दावा की!” “छत्रीचं मी बघतो, तू भोक पाड!” वडील गरजले. चांगल्या सागवानी टेबलाला आरपार भोक पडलं. आई म्हणाली, “आता त्यातनं चंद्र बघायचा काय?” तसली मोठी छत्री साऱ्या गावात मिळेना. शेवटी वडिलांनी शाळेत न्यायच्या आपल्या काळ्या छत्रीची मूठ उपटली आणि दांडा भोकात ठोकला. उघडली, तर छत्री टेबलापासून जेमतेम वीतभर वर! पोहे गार सावलीत आणि पाहुणे रणरणत्या उन्हात. जो तो छत्रीखाली हात घालून चाचपत बशी ओढत होता. समोरासमोर बसवलेल्या मुलाला आणि बहिणीला एकमेकांची तोंडंच दिसेनात. तेवढ्यात मुलानं सरळ टेबलावर गाल टेकला आणि छत्रीखालून पलीकडे बघितलं. बहीण खुदकन हसली, आणि लग्न ठरलं. “छत्रीनं काम केलं का न्हाय?” असं वडील पुढं जन्मभर आईला ऐकवत राहिले. मला बघायला हे एवढे वाकले, असं बहीण अजून कौतुकानं सांगते. दाजी मात्र आजही म्हणतात, “छे हो, मी लिंबू शोधत होतो.”