गॅसपासून हटलो नाही

बांगड्याचं कालवण उकळत होतं. बाळादाने फडक्याने पातेलं उचललं आणि माझ्या पायावर ओतलं. सांडलं नाही. ओतलं. माझ्याकडे बघत.

"म्हारड्याच्या हातचं खात होतो रे आपण," तो बाकीच्या दोघांना म्हणाला. माझ्याशी बोललाच नाही.

मी ओरडत बाथरूममध्ये गेलो, नळाखाली पाय धरला. कुवेतच्या उन्हाळ्यात टाकीचं पाणीही तापलेलं असतं. भाजलेल्या पायावर तेच गरम पाणी. कातडी सुटून आली. बाहेर कोणीतरी टीव्हीचा आवाज वाढवला.

महबूला वस्तीतली ती खोली. आम्ही चौघे, सगळे कोकणातले, एकाच कंपनीचे. बाळादा वयाने मोठा, चिपळूणकडचा, पाइप फिटर. मी वेल्डर. स्वयंपाकाचे वार वाटून घेतलेले. शुक्रवार माझा, कारण सुट्टीच्या दिवशी सगळ्यांना माझ्या हातचं कालवण हवं असायचं. आई गावाहून तिरफळं पाठवायची. बाळादा बोटं चाटायचा, मला धाकटा भाऊ म्हणायचा. हाच माणूस.

माझं आडनाव गावावरून पडलेलं, त्यावरून काही कळत नाही. कोणी विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. त्या शुक्रवारी फोन स्पीकरवर ठेवून मी कांदा चिरत होतो. आईने फोन ठेवताना रोजच्यासारखं 'जय भीम' म्हटलं. मीही म्हटलं. काय चोरी केली मी? कालवणाला उकळी आली. मग बाळादा उठला.

साइटवर मी सांगितलं, हातातून पातेलं निसटलं. पोलिसात जायची सोय नाही. इथे मारामारी झाली की दोघांनाही परतीच्या विमानात बसवतात, आणि घर माझ्या एकट्याच्या पगारावर. बाळादाला ते पक्कं ठाऊक होतं. त्याने फर्मान काढलं: खोली सोड, नाहीतर गॅसला हात लावायचा नाही, ताट वेगळं ठेवायचं, भांडी घासायची. मी भांडी घासली. त्यांच्या उष्ट्या ताटांतून खरकटं काढताना माझ्या तोंडात शिव्या यायच्या आणि मी त्या गिळायचो.

कर्टिस आमचा सेफ्टी ट्रेनर. काळा अमेरिकन, साठीचा, दक्षिणेतल्या साउथ कॅरोलिना राज्यातला. आमच्या खोलीत त्याला हबशी म्हणायचे. मी लंगडताना दिसलो तसं त्याने जेवणाच्या सुट्टीत मला हत्यारांच्या कंटेनरमध्ये नेलं, बूट काढायला लावला. कोणी केलं, एवढंच विचारलं. माझं इंग्रजी तोडकंमोडकं, पण सगळं सांगितलं.

 मग तो स्वतःच्या आईचं सांगू लागला. त्यांच्या गावात काळ्यांची वस्ती रेल्वेच्या रुळांपलीकडे. बाजारातल्या मोठ्या दुकानात काळ्यांनी कंगवा घ्यावा, कापड घ्यावं, पैसे चालायचे. त्याच दुकानात कॉफीचा कट्टा, तिथे मात्र काळ्याने बसायचं नाही. त्याची आई तेव्हा कॉलेजात. ती आणि तिच्या मैत्रिणी जाऊन बसल्या. कॉफी मागितली. गोऱ्या पोरांनी कॉफी दिली, उकळती, तिच्या पाठीवर. मानेवर सिगारेटी विझवल्या. केस धरून खाली ओढलं. ती उठून पुन्हा स्टुलावर बसली. पोलिसांनी धरून नेलं ते हिला, त्या पोरांना नाही. तिची आई एका गोऱ्यांच्या घरी कपडे धुवायची, तिचं काम गेलं. या पोरी जमायच्या त्या चर्चच्या खिडक्या फुटल्या, एका रात्री दारच पेटवलं. तुरुंगातून सुटल्यावर कर्टिसची आई परत त्या स्टुलावर.

मी म्हटलं, आमच्याकडेही तळ्याचं पाणी प्यायला गेलेल्यांची डोकी फोडली होती. मला ते लहानपणापासून पाठ आहे. पाठ असून मी भांडी घासतोय.

तो म्हणाला, पाठ करून भागत नाही. तालीम करावी लागते. चर्चच्या तळघरात त्या पोरी आठवडेच्या आठवडे तालीम करायच्या. त्यांचेच मित्र गोरे व्हायचे. घाण शिव्या द्यायचे, ढकलायचे, थुंकायचे. जी उठली तिला दुकानात न्यायचं नाही.

"ते तुला काय म्हणाले? तो शब्द सांग," तो म्हणाला.

माझ्या तोंडातून निघेना. शेवटी सांगितला. त्याने मला लोखंडी पेटीवर बसवलं आणि तो शब्द माझ्या तोंडावर ओरडला. कॉलर धरून हलवलं, गरम चहा मांडीवर ओतला. मी ताडकन उठून त्याच्यावर मूठ उगारली. "खलास. आता तू विमानात बसलास," तो म्हणाला. पुन्हा बसवलं. तो शब्द पुन्हा. रोज जेवणाची सुट्टी अशी गेली. एके दिवशी ओरडता ओरडता तोच रडायला लागला. त्या दिवशी मी हललो नव्हतो.

त्यानंतरच्या शुक्रवारी मी गॅस पेटवला. कढईत कांदा टाकला. बाळादाने मागून केस धरून माझं तोंड कपाटावर आपटलं. ओठ फाटला, दात हलला. मी गॅसपाशी परत आलो. त्याने पोटात लाथ घातली. पडलो, उठलो, कांदा करपत होता तो हलवला. तो मारत होता आणि मी परतत होतो. मी हात उचलावा म्हणून त्याने आईवरून शिवी दिली. मी फडक्याने कढईचे कान घट्ट धरून ठेवले. शेवटी बाकीच्या दोघांपैकी एकाने त्याला ओढला. दमला होता हरामखोर.

कालवण झालं. दरवेळी पसरायचो तसा जमिनीवर पेपर पसरला, मधोमध कढई ठेवली, फाटक्या ओठाने जेवलो. कोणी आलं नाही. न येवोत.

दुसऱ्या दिवशी कंपनीच्या खोल्या सांभाळणाऱ्या कॅम्प बॉसने ऑफिसात बोलावलं. भला माणूस, त्याला भानगड नको होती. शेजारच्या फिंतास वस्तीत एक खोली रिकामी आहे, तू गुपचूप सामान हलव, म्हणाला. बाळादा शेजारी उभा होता, मान वर करून.

मी म्हटलं, "मी हलणार नाही. ज्याला माझ्या हातचं चालत नाही, त्याला हलवा."

बाळादाची मान खाली गेली नाही. कॅम्प बॉसही अजून काही ठरवत नाही. खोलीत माझ्याशी कोणी बोलत नाही, आणि बाळादा पुन्हा मारणार हे मला दिसतंय. मारू दे. येत्या शुक्रवारी मी बांगडे आणणार आहे, चौघांचे, आणि दात पडले तरी त्या गॅसवर मीच रांधणार.