राष्ट्राध्यक्षांच्या लेकीने दिलेला चष्मा

झुल्हुमोर डोळ्यांची डॉक्टर होती आणि तिच्या दवाखान्यात आजवर एकाचाही चष्मा चुकला नव्हता. चुकेल कसा? बाप एकवीस वर्षं राष्ट्राध्यक्ष. त्याच्या लेकीने दिलेल्या चष्म्यातून दिसत नाही म्हणायची छाती कुणाची होती? लोक नवा चष्मा लावून तोंड भरून आभार मानत आणि बाहेर पडताना उंबऱ्याला ठेचकाळत. आपल्याला विद्या येते की नाही, एवढंच तिला जाणून घ्यायचं होतं, आणि ते सांगणारं अख्ख्या शहरात कुणी नव्हतं.

मग तंदूरवाली ओयसारा आली. आठवड्यापूर्वी नेलेला चष्मा तिने टेबलावर आपटला.

"काय गं पोरी, हे काय दिलंस? याच्यापेक्षा माझी फुटकी काच बरी होती! रोट्या करपतात माझ्या."

झुल्हुमोरला रडूच आलं, आनंदाने. तिने पुन्हा तपासलं. नंबर खरंच चुकला होता. म्हातारीने खूश होऊन फडक्यातून गरम रोटी काढली, मोडली आणि अर्धी पुढे केली.

आणि तिथेच माशी शिंकली. देणाऱ्याला आधी खायला लावायचं, हे बापाने तिला धड चालता येत नव्हतं तेव्हाच शिकवलं होतं.

"आधी तुम्ही खा, आपा."

"मी? आणि चावू कशाने, हिरड्यांनी? खा मुकाट्याने, गार होतेय."

झुल्हुमोरचा हात थबकला. एवढा धीटपणा हिला आला कुठून? कुणी पाठवलं हिला? बापानेच, लेकीची परीक्षा बघायला? की बापाच्या वैऱ्यांनी? मोडून दिलेली रोटी नाकारणं म्हणजे देणाऱ्याच्या तोंडावर थुंकणं, हे तिलाही ठाऊक होतं. तरी तिने ती दाराबाहेरच्या पहारेकऱ्याच्या हातात दिली.

"तपासून घ्या," ती म्हणाली. "आणि या बाईचीही चौकशी करा."

रोटीत पीठ, मीठ आणि तीळ निघाले. ओयसाराला सहा दिवसांनी सोडलं.

झुल्हुमोरने नवा चष्मा स्वतः बसून करून घेतला आणि तिला बोलावलं. म्हातारी खुर्चीच्या कडेवर टेकली, हात मांडीवर.

"चुकलं माझं, आपा. आता खरं सांगा. दिसतं का?"

"दिसतं, बाईसाहेब."

झुल्हुमोरने अक्षरांच्या तक्त्याशेजारच्या कोऱ्या भिंतीवर बोट ठेवलं. "आणि हे अक्षर?"

"तेही दिसतं, बाईसाहेब. अगदी स्वच्छ."